‘आदेश आहे, अंमलबजावणी नाही’: सरकारी नोकरीतल्या कोर्ट अवमानाबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

एका शासकीय कार्यालयात मी बरीच वर्षं ‘कोर्ट केसेस’चं टेबल सांभाळलं. तुम्ही जिंकलेला आदेश ज्या टेबलावर येऊन पडतो आणि पडून राहतो, ते हे टेबल. निवृत्तीनंतर ओळखीचे, ओळखीच्यांचे ओळखीचे फोन करतात आणि प्रश्न फिरून फिरून तेच असतात, म्हणून ते इथे एकत्र केले आहेत. मी वकील नाही. तुमच्या आदेशाचा कागद वाचून सल्ला तुमचे वकीलच देतील. त्यांच्याकडे जाताना हाताशी काय असावं, एवढं यातून कळेल.

१. अवमान म्हणजे न्यायाधीशांचा अपमान ना? मग साहेबांनी माझी थकबाकी दिली नाही, यात अवमान कुठून आला?

न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ मध्ये अवमानाचे दोन प्रकार आहेत. न्यायालयाची बदनामी करणं किंवा न्यायदानात अडथळा आणणं हा फौजदारी अवमान. न्यायालयाचा निकाल, आदेश किंवा निर्देश हेतुपुरस्सर न पाळणं, किंवा न्यायालयाला दिलेली हमी हेतुपुरस्सर मोडणं हा दिवाणी अवमान. नोकरीच्या प्रकरणांत बहुतेक वेळा हा दुसराच प्रकार असतो. साहेब कोर्टाबद्दल चकार शब्द न बोलता, अत्यंत नम्र भाषेत टिपणी लिहूनसुद्धा अवमान करू शकतात.

महाधिवक्त्यांची, म्हणजे राज्याच्या सर्वांत वरच्या सरकारी वकिलांची, परवानगी लागते का, असंही विचारलं जातं. ती अट फौजदारी अवमानासाठी आहे. दिवाणी अवमानाची याचिका ज्याच्या बाजूने आदेश झाला तो थेट दाखल करतो.

२. अवमान याचिका कुठे टाकायची? मॅटमध्ये की हायकोर्टात?

आदेश ज्याचा, त्याच्याकडे. महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे आपलं मॅट, १९९१ पासून मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर इथे चालतं. प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, १९८५ च्या कलम १७ ने त्याला अवमानाच्या बाबतीत उच्च न्यायालयासारखेच अधिकार दिले आहेत. ‘मॅटला दात नाहीत’ असं कार्यालयात ऐकवलं जातं ते खोटं आहे. टी. सुधाकर प्रसाद प्रकरणात (२००१) सर्वोच्च न्यायालयाने हे अधिकार शाबूत असल्याचं स्पष्ट केलं.

जिल्हा परिषद, महापालिका, विद्यापीठ यांचे कर्मचारी सहसा मॅटच्या कक्षेत येत नाहीत, ते उच्च न्यायालयात जातात. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्गच्या लोकांना ऑगस्ट २०२५ पासून उच्च न्यायालयाचं कोल्हापूरचं सर्किट बेंच आहे, मुंबईची गाडी पकडायची गरज राहिलेली नाही. केंद्रीय कर्मचाऱ्यांसाठी कॅट, म्हणजे केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण.

खासगी अनुदानित शाळांचं थोडं वेगळं आहे. शाळा न्यायाधिकरणाचा आदेश संस्थेने पाळला नाही, तर १९७७ च्या खाजगी शाळा कर्मचारी कायद्यातच कलम १३ मध्ये संस्थेवर कारवाईची तरतूद आहे. औद्योगिक किंवा कामगार न्यायालयाचा आदेश असेल तर एमआरटीयू-पीयूएलपी कायद्याचं, म्हणजे कामगार संघटनांना मान्यता आणि अनुचित कामगार प्रथांना प्रतिबंध याबद्दलच्या राज्याच्या कायद्याचं, कलम ४८ पाहा. तिथली शिक्षा तीन महिन्यांपर्यंत कैद किंवा पाच हजारांपर्यंत दंड.

३. ‘हेतुपुरस्सर’ हे सिद्ध कसं करायचं? साहेबांच्या मनात काय होतं ते मला काय ठाऊक?

सगळी लढाई याच एका शब्दावर होते. आदेश पाळला गेला नाही, एवढं दाखवून भागत नाही. तो माहीत होता, पाळणं शक्य होतं आणि तरीही जाणूनबुजून पाळला नाही, हे दिसावं लागतं. अवमानाची कारवाई फौजदारी वळणाची आहे. संशयाचा फायदा समोरच्याला मिळतो. चूक, गैरसमज, खरीखुरी अडचण यांना हेतू म्हणत नाहीत.

मनातलं कुणालाच दाखवता येत नाही, पण फाइलमधलं दाखवता येतं. आमच्या टेबलावर आदेश आला की पहिली टिपणी ठरलेली असायची: ‘सदर आदेशाविरुद्ध अपील करावे किंवा कसे, याबाबत आदेश व्हावेत.’ ती फाइल वर जायची, ‘चर्चा करावी’ असा शेरा घेऊन खाली यायची, पुन्हा वर जायची. एका फाइलवर ‘चर्चा केली’ असं लिहिलेलं मला आठवतं. कोणाशी, केव्हा, काय ठरलं, काहीच नाही. त्याखाली पुढची तारीख थेट सात महिन्यांनंतरची. अशी टिपणी माहितीच्या अधिकारात हाती आली, तर हेतूबद्दल वेगळा युक्तिवाद फारसा करावा लागत नाही. टिपणी भाग आणि पत्रव्यवहार भाग, दोन्हींच्या प्रती मागा. लोक नेमका टिपणी भाग मागायला विसरतात.

४. निकाल माझ्या बाजूने लागला. आता सगळ्यात आधी काय करू?

पेढे नंतर वाटा. आधी प्रमाणित प्रत काढा आणि ती स्वतः नेऊन द्या.

सरकारी वकील किंवा मॅटमधले सादरकर्ता अधिकारी आदेश कळवतील, यावर विसंबू नका. ते कळवतात, पण केव्हा आणि कोणाला, हे तुमच्या हातात नसतं. आदेशात ज्या अधिकाऱ्याने काम करायचं आहे त्याच्या पदनामाने एक पानी पत्र लिहा, प्रत जोडा, आवक शाखेत द्या आणि दुसऱ्या प्रतीवर शिक्का, तारीख व आवक क्रमांक घ्या. पत्रात भावना नकोत. इतकंच पुरे: ‘मा. न्यायाधिकरणाच्या दि. … च्या आदेशाची प्रमाणित प्रत सोबत जोडली आहे. आदेशातील परिच्छेद ९ नुसार अंमलबजावणीची आठ आठवड्यांची मुदत प्रत मिळाल्यापासून म्हणजे आजपासून सुरू होत असून ती दि. … रोजी संपते.’

शिक्क्याची तारीख नीट उमटली आहे का, ते तिथेच उभं राहून पाहा. शिक्क्यावर मागच्या महिन्याची तारीख तशीच राहिलेली मी स्वतः पाहिली आहे. शिक्का द्यायला कोणी का-कू केलं तर वाद घालू नका. त्याच दिवशी स्पीड पोस्टाने पाठवा आणि कार्यालयाच्या अधिकृत ईमेलवरही टाका. पुढे ‘आदेश प्राप्त झाला नाही’ असं शपथपत्र आलं, तर हा एक कागद तुमची अर्धी केस आहे.

५. किती दिवसांत याचिका दाखल करावी लागते?

एक वर्ष. कायद्याचं कलम २०. हे वर्ष आदेशाच्या तारखेपासून मोजायचं नसतं. अवमान घडला त्या दिवसापासून, म्हणजे पाळण्याची मुदत उलटली तेव्हापासून मोजायचं. उदाहरण घ्या. आदेश १० जानेवारी २०२४ चा, ‘प्रत मिळाल्यापासून आठ आठवडे’ अशी मुदत, आणि प्रत कार्यालयात दिली २५ जानेवारीला. मुदत २१ मार्च २०२४ ला संपली. इथून एका वर्षाच्या आत याचिका दाखल व्हायला हवी. पल्लव शेठ प्रकरणानंतर (२००१) हेही स्पष्ट आहे की वर्षाच्या आत याचिका दाखल झाली की पुरे. कोर्टाने नोटीस नंतर काढली तरी बिघडत नाही.

लोक घसरतात ते स्मरणपत्रांवर. पहिलं, दुसरं, तिसरं स्मरणपत्र, मग मंत्रालयात फेरी, मग ‘साहेब म्हणाले मार्चनंतर बघू’. स्मरणपत्रांनी मुदत वाढत नाही. ‘रोज अवमान चालूच आहे, त्यामुळे मुदतीचा प्रश्नच नाही’ हा युक्तिवाद ऐकायला बरा वाटतो, पण आदेश न पाळण्याची प्रत्येक गोष्ट ‘सतत चालू असलेली चूक’ ठरत नाही. वर्ष उलटूनच गेलं असेल तर अंमलबजावणीसाठी स्वतंत्र अर्ज करता येईल का, ते वकिलांना विचारा. अवमानाची वेळ गेली म्हणून आदेश रद्द होत नाही.

६. माझ्या आदेशात मुदतच लिहिलेली नाही. मग?

मग ‘वाजवी काळ’, आणि वाजवी म्हणजे किती यावर भांडण. प्रश्न ४ मध्ये सांगितलेल्या पत्रात स्वतःच एक तारीख घाला: ‘सहा आठवड्यांत अंमलबजावणी न झाल्यास मा. न्यायालयाकडे दाद मागावी लागेल.’ अशा पत्राने कायदेशीर मुदत तयार होत नाही, पण समोरच्याला पुरेसा वेळ होता हे दिसतं. निकालाच्या दिवशीच वकिलांमार्फत मुदत मागून घेणं सगळ्यात सोपं. आदेश सांगितला जात असताना एक वाक्य बोलायचं राहतं आणि पुढचं वर्ष त्यात जातं.

७. आदेशात ‘अर्जदाराच्या निवेदनाचा विचार करावा’ असं आहे. त्यांनी विचार करून नाकारलं. हा अवमानच नाही का?

नाही. आणि हे ऐकून सगळ्यात जास्त लोक चिडतात.

‘विचार करावा’ म्हणजे ‘द्यावे’ नव्हे. त्यांनी मुदतीत, कारणं देऊन आदेश काढला की निर्देश पाळला गेला. कारणं पटण्यासारखी नसली तरीही. त्या नकाराला नव्याने आव्हान द्यावं लागतं. सर्वोच्च न्यायालयाने आंध्रच्या एसटी महामंडळाच्या प्रकरणात (२००६) ‘विचार करा’ या निर्देशाच्या वेगवेगळ्या छटा समजावून सांगितल्या आहेत. ‘अमुक निकालातल्या तत्त्वाच्या प्रकाशात विचार करा’ असं म्हटलं असेल आणि नकाराच्या पत्रात त्या निकालाचा उल्लेखही नसेल, तर मात्र तुमच्याकडे बोलायला जागा आहे.

माझं स्पष्ट मत: सुनावणीत ‘निवेदनाचा विचार करण्याचे निर्देश दिले तरी चालेल’ असं वकील म्हणत असतील, तर त्यांना आधी बाहेर बोलावून विचारा की यातून हाती काय पडणार.

८. कार्यालय म्हणतंय, ‘आम्ही हायकोर्टात गेलोय.’ मग थांबायचं का?

स्थगितीची प्रत दाखवा, म्हणा. वरच्या कोर्टात रिट किंवा अपील दाखल केल्याने खालचा आदेश आपोआप थांबत नाही. ‘प्रकरण विधी व न्याय विभागाकडे अभिप्रायार्थ सादर’ हे तर त्याच्याही अलीकडचं पाऊल, त्याने काहीच थांबत नाही.

व्यवहार मात्र असा आहे की स्थगितीचा अर्ज खरोखर सुनावणीला लागलेला असेल, तर अवमानाचं कोर्ट अनेकदा एखादी तारीख थांबतं. वर्षभर याचिका नुसती दाखल करून ठेवली, कार्यालयीन त्रुटी दूर केल्या नाहीत, बोर्डावर, म्हणजे सुनावणीच्या यादीत, आणली नाही, हे तुम्ही दाखवलं तर चित्र बदलतं. उच्च न्यायालयाच्या संकेतस्थळावर प्रकरणाची स्थिती दिसते. त्या पानाची छापील प्रत याचिकेला जोडा.

९. आदेश झाला तेव्हाचे साहेब बदलून गेले. नाव कोणाचं टाकू?

मूळ अर्जात पदनाम चालतं. अवमानात माणसाला नोटीस जाते, म्हणून नाव लागतं. ‘महाराष्ट्र शासन’ तुरुंगात जात नाही.

मुदत संपली तेव्हा त्या खुर्चीत कोण होतं आणि त्यांना आदेश माहीत होता का, हे पाहायचं. नवीन अधिकारी आले असतील तर त्यांच्या नावाने पुन्हा प्रत द्या, पुन्हा शिक्का घ्या. कंटाळा येतो, पण द्या. जुन्या साहेबांच्या काळातला शिक्का दाखवून नव्यांना जबाबदार धरणं अवघड जातं. रागाच्या भरात सचिवांपासून आस्थापना लिपिकापर्यंत अकरा जणांना प्रतिवादी करणारे असतात. त्याने केस जड होत नाही, फक्त अकरा शपथपत्रं येतात. आदेशाप्रमाणे सही कोणाची व्हायला हवी, ते शोधा.

१०. ते म्हणतात पद रिक्त नाही, निधी नाही, वित्त विभागाची सहमती नाही. ही कारणं चालतात का?

खरी अशक्यता आणि गैरसोय यांत फरक आहे. प्रस्ताव वेळेत पाठवला, पाठपुरावा केला आणि मुदत संपण्याआधी कोर्टाकडे मुदतवाढ मागितली, तर हेतू वाईट नव्हता असं म्हणायला आधार मिळतो. अवमानाची नोटीस आल्यावर दुसऱ्या दिवशी वित्त विभागाला प्रस्ताव पाठवणारे सापडतात. जावक क्रमांक आणि तारीख सगळं सांगून जातात.

शासन हे कोर्टासमोर एकच आहे. प्रशासकीय विभाग आणि वित्त विभाग यांची आपसातली ओढाताण हे कर्मचाऱ्याचं आदेशाचं फळ लांबवण्याचं कारण होऊ शकत नाही, आणि मूळ सुनावणीत निधीचा मुद्दा मांडला नसेल तर अवमानात तो उगवून आणणं फार जमत नाही.

जम्मू-काश्मीरमधलं रोजंदारी कामगारांचं प्रकरण या बाबतीत बघण्यासारखं आहे. उच्च न्यायालयाचा आदेश २००७ चा. तो पाळायचा सोडून वर्षानुवर्षं टोलवाटोलवी झाली आणि मार्च २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अधिकाऱ्यांना २५ हजारांचा खर्च लावून चांगलंच फैलावर घेतलं. पण तारखा पुन्हा वाचा: २००७ ते २०२५.

११. त्यांनी आदेश काढला, पण चुकीचा. सेवाज्येष्ठता यादीत मला वर घ्यायचं होतं, घेतलं ते भलत्याच ठिकाणी. अवमान?

जे. एस. परिहार वि. गणपत दुग्गर (१९९६) हा राजस्थानातला निकाल तुमच्यासमोर नक्की ठेवला जाईल. तिथेही वाद सेवाज्येष्ठता यादीचाच होता. सूत्र असं की कोर्टाच्या निर्देशानुसार यादी तयार झाली की ती बरोबर आहे की चूक, हा नवा वाद. त्यासाठी नवा अर्ज करायचा. अवमानाच्या कोर्टाने तिची गुणवत्ता तपासायची नाही.

याला मर्यादा आहे. आदेशात ‘दि. १ जून २०१२ पासून मानीव दिनांक द्यावा’ (म्हणजे लाभ त्या तारखेपासून धरावा) असं स्वच्छ लिहिलेलं असताना २०१५ पासून दिला, तर ते चुकीचं पालन नव्हे, पालनच नाही. आदेशाचे दोन अर्थ निघत असतील आणि कार्यालयाने त्यातला स्वतःच्या सोयीचा घेतला असेल, तर अवमान टिकणं कठीण. म्हणून मूळ निकालातले शब्द, आकडे, तारखा यांवर एवढा जीव टाकायचा. अर्थ संदिग्ध असेल तर त्याच कोर्टाकडे स्पष्टीकरणाचा अर्ज करणं अवमानापेक्षा स्वस्त पडतं.

१२. अवमान याचिकेतच थकबाकीवर व्याज मागता येईल का?

मूळ आदेशात व्याज नसेल तर नाही. अवमानाचं कोर्ट आदेशाच्या चौकटीबाहेर जाऊन नवा लाभ देत नाही. ओएनजीसीच्या कर्मचाऱ्यांच्या प्रकरणात उच्च न्यायालयाने अवमानाच्या कारवाईत अधिसंख्य, म्हणजे मंजूर संख्येपेक्षा जास्तीची, पदं निर्माण करायला सांगितलं होतं. सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये ते मर्यादेबाहेरचं ठरवलं. मूळ अर्ज लिहितानाच विनंतीच्या परिच्छेदात व्याज, सर्व अनुषंगिक लाभ आणि कालमर्यादा हे तीन शब्दप्रयोग आहेत की नाहीत ते पाहा.

१३. खरंच जेल होते का?

कलम १२ प्रमाणे सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, किंवा दोन हजार रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. दोन हजारांचा आकडा १९७१ चा आहे आणि अजून तोच आहे. दिवाणी अवमानात कोर्टाचा कल दंडाकडे असतो. नुसता दंड पुरेसा नाही असं वाटलं तरच कैद.

होतच नाही असं मात्र नाही. मे २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने महाराष्ट्राचे तेव्हाचे मंत्री स्वरूपसिंह नाईक यांना, वनमंत्री असताना सॉ मिलना दिलेल्या परवानग्यांवरून, एक महिन्याची कैद दिली, आणि वन विभागाच्या प्रधान सचिवांनाही. मे २०२५ मध्ये आंध्र प्रदेशातल्या एका उपजिल्हाधिकाऱ्याला सर्वोच्च न्यायालयाने तुरुंगाऐवजी पदावनत करून पुन्हा तहसीलदार केलं, वर एक लाख रुपये दंड. ही दोन्ही प्रकरणं नोकरीच्या वादातली नाहीत, पण मंत्रालयात त्यांची चर्चा बरेच दिवस होते.

नोकरीच्या प्रकरणांत नेहमीचा शेवट वेगळा असतो. नोटीस निघते, आणि जी फाइल दोन वर्षं हलत नव्हती ती नऊ दिवसांत वर जाऊन खाली येते. पुढच्या तारखेला ‘अंमलबजावणी झाली’ असं शपथपत्र, याचिका निकाली. तुम्हाला थकबाकी हवी होती की साहेबांना शिक्षा, हे स्वतःला आधीच विचारून ठेवा. कोर्टाला बहुधा पहिल्यातच रस असतो.

१४. साहेबांना कोर्टात समक्ष उभं करता येईल का?

तुम्ही मागाल, कोर्ट ठरवेल. जानेवारी २०२४ पासून यावर सर्वोच्च न्यायालयाची कार्यपद्धती आहे. उत्तर प्रदेशात निवृत्त न्यायाधीशांच्या सोयीसुविधांच्या प्रकरणात उच्च न्यायालयाने वित्त विभागाच्या दोन अधिकाऱ्यांना थेट ताब्यात घ्यायला लावलं होतं. तो आदेश रद्द करताना ही पद्धत घालून दिली गेली. अधिकाऱ्याला बोलावणं हा पहिला उपाय नको, बोलवायचंच तर आधी व्हिडिओ कॉन्फरन्सिंगचा पर्याय द्यावा, अवमानात आधी साधी नोटीस देऊन खुलासा मागावा, आणि अधिकाऱ्याच्या कपड्यांवर शेरेबाजी करू नये, असा तिचा रोख. कोर्टात साहेबांना घाम फुटलेला बघण्याची ज्यांची इच्छा असते त्यांची यात निराशा होते.

१५. माफी मागितली की सुटले?

बऱ्याचदा. कोर्टाचं समाधान झालं तर माफी स्वीकारून शिक्षा माफ होऊ शकते, आणि माफी सशर्त आहे एवढ्याच कारणावरून प्रामाणिक माफी नाकारायची नाही, असंही कायदा म्हणतो. पण अंमलबजावणी न करता नुसती ‘बिनशर्त माफी’ छापून आणली तर ती कागदावरच राहते. माफी स्वीकारण्याआधी अंमलबजावणीची तारीख शपथपत्रावर घ्यावी, असा आग्रह वकिलांमार्फत धरा.

१६. माझी अवमान याचिका फेटाळली. अपील कुठे करू?

कलम १९ चं अपील, शिक्षा झाली त्याच्यासाठी आहे. एका न्यायमूर्तींनी शिक्षा दिली तर खंडपीठाकडे ३० दिवसांत, खंडपीठाने दिली तर सर्वोच्च न्यायालयात ६० दिवसांत. मॅटने अवमानाची शिक्षा दिली तर अपील थेट सर्वोच्च न्यायालयात जातं. याचिका फेटाळली, नोटीसच काढली नाही, तर या कलमाखाली तुम्हाला अपील नाही. राहते ती सर्वोच्च न्यायालयातली विशेष अनुमती याचिका. अवमान फेटाळताना कोर्टाने मूळ वादाच्या गुणवत्तेवरच काही ठरवून टाकलं असेल तर मिदनापूर पीपल्स को-ऑपरेटिव्ह बँक प्रकरणाने (२००६) वेगळा रस्ता ठेवला आहे, तो वकिलांना विचारा.

१७. आदेशात निर्देश नव्हताच. सरकारी वकिलांनी ‘आठ आठवड्यांत निर्णय घेऊ’ असं सांगितलं आणि अर्ज निकाली काढला. ते पाळलं नाही तर?

आदेशाचे शब्द वाचा. ‘विधान हमी म्हणून स्वीकारले आहे’ असं लिहिलं असेल तर हमी मोडणं हाही अवमानच, आदेश मोडण्याइतका. नुसतं ‘वकिलांनी सूचनेनुसार असे सांगितले’ एवढंच असेल तर वाद होतो. शिवाय ‘निर्णय घेऊ’ म्हणजे तुमच्या बाजूचा निर्णय नव्हे, त्यासाठी प्रश्न ७.

१८. माझ्या बॅचच्या मित्राने केस जिंकली. परिस्थिती तंतोतंत तीच. मला लाभ देत नाहीत, अवमान टाकू?

टाकू नका. तो आदेश मित्राचा. त्या प्रकरणात तुम्ही पक्षकार नाही, त्यामुळे तुमच्या बाबतीत तो मोडला असं म्हणता येत नाही. समान परिस्थितीतल्या कर्मचाऱ्यांना समान लाभ द्यावा, प्रत्येकाला कोर्टात यायला लावू नये, हे तत्त्व सर्वोच्च न्यायालयाने मान्य केलेलं आहे. पण त्याच तत्त्वात अपवादही आहे: वर्षानुवर्षं गप्प बसून, दुसऱ्याची केस लागल्यावर जागे झालेल्यांना उशीर आडवा येतो. निकालाची प्रत जोडून लगेच निवेदन द्या आणि उत्तराची अनंत काळ वाट न पाहता स्वतःचा मूळ अर्ज करा.

१९. कर्मचाऱ्यावरही अवमान होऊ शकतो का? संपात वगैरे?

होतो. नोव्हेंबर २०२१ मध्ये एसटीच्या संपात मुंबई उच्च न्यायालयाने संपाला मनाई केल्यानंतरही संप चालू राहिला, तेव्हा महामंडळच अवमान याचिका घेऊन गेलं होतं. आदेश संघटनेवर असला तरी तो माहीत असताना मोडणारा व्यक्तिशः अडचणीत येऊ शकतो. आणखी एक गोष्ट तरुण मंडळींसाठी. निकालावर टीका करायला हरकत नाही, कायदाच वाजवी टीकेला संरक्षण देतो. पण व्हॉट्सॲपच्या ग्रुपवर न्यायाधीशांनी पैसे खाल्ले असं टाकलंत, तर प्रश्न १ मधल्या पहिल्या प्रकारात गेलात.

२०. कोर्टाच्या आदेशाने मला रुजू करून घेतलं आणि आठच दिवसांत पुन्हा दुसरीकडे बदली केली. आता?

रुजू करून घेतलं तेव्हा आदेश पाळला गेला, नवी बदली हे नवं कारण, असं कार्यालय म्हणणार. साधारणपणे नव्या बदलीला २००५ च्या बदल्यांच्या कायद्याखाली नव्याने आव्हान द्यावं लागतं: वर्षाच्या मध्येच केली आहे का, ठरलेला कार्यकाळ पूर्ण होण्याआधी केली आहे का, सक्षम प्राधिकाऱ्याची मान्यता आहे का. पण पाळल्याचं नुसतं सोंग करून आदेश निष्फळ करण्यासाठीच हे केलं असेल, तर कोर्ट त्यापलीकडे बघू शकतं. त्यासाठी जोड कागद लागतो: तुमच्या जागी आधीच कोणाचा तरी प्रस्ताव गेलेला असणं, बदलीच्या टिपणीत कोर्ट केसचाच उल्लेख असणं. मी पाहिलेल्या एका फाइलवर शेरा होता, ‘सदर कर्मचारी न्यायालयात गेल्याने कार्यालयीन शिस्तीवर परिणाम’. एवढं सरळ सहसा कोणी लिहीत नाही.

अशा वेळी दोन्ही करा. नव्या आदेशाला आव्हान आणि सोबत अवमान. नुसत्या अवमानावर बसलात तर नवी बदली तशीच राहील.

२१. मी आस्थापना लिपिक आहे. फाइल मी तीनदा वर पाठवली, सही होत नाही. अवमानाच्या नोटिशीत माझंही नाव आलंय. मी काय करू?

हा प्रश्न मला सगळ्यात जवळचा. सहीचा अधिकार ज्याचा, जबाबदारी त्याची. पण ते तुमच्या टिपणीवरून दिसायला हवं. आदेश आला त्या दिवशीच टिपणीत तीन ओळी लिहा: आदेशातला निर्देश काय, मुदत कोणत्या तारखेला संपते, स्थगिती आहे की नाही. शेवटी ‘मुदतीत अंमलबजावणी न झाल्यास अवमानाची शक्यता आहे’ हे वाक्य. साहेबांना ते आवडत नाही, काढायला सांगतात. काढू नका. तोंडी ‘थांब जरा’ म्हणाले तर पुढच्या टिपणीत ‘दि. … रोजीच्या चर्चेनुसार प्रकरण प्रलंबित ठेवले आहे’ असं लिहा. फाइल वर जाताना प्रत्येक वेळी फिरती नोंदवहीत तारीख घालून घेणाऱ्याची सही घ्या. ई-ऑफिस असेल तर या हालचाली आपोआप नोंदल्या जातात.

नोटिशीला उत्तर देताना स्वतःचं शपथपत्र स्वतः वाचा. कार्यालयाने सगळ्यांसाठी एकच मसुदा बनवलेला असतो आणि त्यात ‘प्रतिवादी क्र. ४ यांनी प्रस्ताव विलंबाने सादर केला’ असं एक वाक्य मध्येच घुसवलेलं असतं. प्रतिवादी क्र. ४ तुम्हीच असता.